सर्व रोगांवरची पेटी

माझी पत्नी सुमन एका मंगळवारी आजारपणात वारली. त्यानंतर दोन महिन्यांनी एका मित्राने मला ओढून वाचनालयात नेलं. तिथल्या सभागृहात एक मूकपट दाखवत होते. पडद्यावर एक संशोधक सर्व रोग बरे करणारी पेटी विकत होता. हँडल फिरवलं की पेटीतून धूर निघे, लंगडा दचकून पळत सुटे, आणि ते पाहून रांगेतले लोक एकमेकांना ढकलत. आत दडलेला साथीदार सिगार ओढतोय, हे आम्हाला दिसत होतं, रांगेला नाही.

मागचे गृहस्थ मांडीवर थाप मारून म्हणाले, "काय बावळट लोक हो!"

मला त्यांचा संताप आला. मी तीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं, आणि सुमनच्या आजारापुढे डॉक्टरांनी हात टेकल्यावर मीच तिच्यासाठी दुखणं ओढून घेणारा म्हणून चुंबकाचा पट्टा विकत आणला. सुमनने तो उलटसुलट करून पाहिला. "अहो, वर्गात कुणी हे आणलं असतं, तर तुम्ही त्याला बाकावर उभं केलं असतं."

"घालून तर बघ," मी चिडून म्हणालो.

तिने घातला. कमरेला वळ उठले, तरी काढला नाही. रोज सकाळी मी विचारायचो, आणि ती म्हणायची, "आज जरा बरं वाटतंय हं." मी लगेच खूश व्हायचो. असल्या शहाणपणाला काय म्हणावं?

सभागृह हसत होतं. तिला तेव्हा खरोखर किती दुखत होतं, हे मला आता कधीच कळणार नाही.