गोत्रमामा आणि मॅकलाउडांचं कुळ

माझा मामा माणसाला आधी आडनाव विचारायचा आणि लगेच, "मूळचे कुठले?" समोरच्यानं "पुण्याचे" म्हटलं की संपलंच. "पुण्याचं मूळचं कोणी नसतं. आठवा, मी थांबतो." शनिवार पेठेत दूधवाल्यापासून डॉक्टरपर्यंत सगळ्यांना तो असा अडवून ठेवायचा. आम्ही भाचरं त्याला गोत्रमामा म्हणायचो, अर्थात त्याच्या माघारी.

अशा मामाला मी सांगितलं, की मी अँगस मॅकलाउडशी लग्न करतेय. स्कॉटलंडचा, माझ्याच ऑफिसातला. आई-बाबांनी चार दिवस तोंड पाडून होकार दिला होता. मामानं पेपर खाली ठेवला. "ज्याचं कुळ माहीत नाही, त्याच्या मांडवात मी उभा राहणार नाही." आता बोला! बोहल्यावर पाठीशी मामा हवा ना? आणि मला तो एकच मामा. "नको येऊस!" असं म्हणून मी तणतणत घरी आले आणि ढसाढसा रडले.

पण स्वस्थ बसेल तो मामा कसला? तीन आठवड्यांनी तो कर्वेनगरला आमच्याकडे आला आणि चहाआधीच वही उघडली. "ऐक. आडनाव गेलिक, म्हणजे तिकडची जुनी भाषा. पण त्यातलं 'मॅक' तेवढं गेलिक, म्हणजे मुलगा. मूळपुरुष ल्योड, आणि ते नाव नॉर्स! नॉर्वेकडून होड्या घालून आलेली माणसं. आधी बेटं लुटली, मग तिथंच राहिली, तिथल्या मुली केल्या आणि काही पिढ्यांत स्वतःची भाषा विसरून गेलिक बोलायला लागली."

लुटारू म्हटल्यावर मला वाटलं, आता संपलंच. मामा शांतपणे चष्मा पुसत होता. "आपण तरी काय गं? कोकणातून घाट चढून आलो आणि आता लोकांचं मराठी तपासतो. त्या नावाचा अर्थ मात्र 'कुरूप' असा देतात. मुलगा बरा दिसतो, तेव्हा ते सोडून देऊ."

मग त्यानं अँगसच्या वडिलांना थेट फोन लावून कुलदैवत विचारलं. त्या बिचाऱ्यांनी गोंधळून घराण्याच्या चिन्हाचा फोटो पाठवला. त्यात बैलाचं डोकं! "नंदी! शंकराचे निघाले की!" मामा हरखला. मी कशाला समजावतेय? माझं काम होत होतं.

कन्यादानाच्या वेळी गुरुजींनी नवऱ्याकडच्या पिढ्या गाळून "काश्यप गोत्र" म्हणत पुढे रेटलं. "थांबा!" माझ्या मागून मामा गरजला. "बेवारशी नाहीये तो." आणि फोनवर काढून घेतलेली वडील, आजोबा, पणजोबांची नावं त्यानं वही न बघता खणखणीत म्हटली, वर "ल्योडवंशीय" हेही जोडलं. स्वतःच्या आजोबांचं नाव त्या मांडवात ऐकून माझे सासरे, आयुष्यभर मासेमारी केलेला अबोल माणूस, खुर्चीतून उठून उभे राहिले.

मामा गेल्या वर्षी गेला. मी तेव्हा स्काय बेटावर सासरी होते. वेळेत पोहोचता आलं नाही, ते अजून खुपतं. त्या संध्याकाळी सासऱ्यांनी घरातलं जुनं बायबल काढलं. त्याच्या सुरुवातीच्या कोऱ्या पानांवर त्यांच्याकडे घरातले जन्ममृत्यू लिहून ठेवतात. त्यांनी मला मामाचं पूर्ण नाव दोनदा म्हणायला लावलं आणि मॅकलाउडांच्या रांगेत, स्वतःच्या भावाच्या नावाखाली, सावकाश लिहिलं.