कुलसचिवांना वेळेवर उठवणारे मामा

आपल्याच प्रतिवादीच्या तब्येतीला माझ्या बायकोच्या मामांइतकं जपणारा माणूस रायपूर राजधानी झाल्यापासून या शहराने पाहिला नसेल. मामा विद्यापीठाच्या ग्रंथालयात रोजंदारीवर होते. त्यांना कायम करा, असा हुकूम हायकोर्टाने दिला. विद्यापीठाने तो फायलीत नीट लावला आणि विसरून गेलं. मग मामांनी कुलसचिवांवर कोर्टाच्या अवमानाचा दावा ठोकला. निवृत्तीला जेमतेम वर्ष उरलं होतं. रोजंदारीवरूनच घरी जायचं नाही, एवढा एकच हट्ट.

अडचण अशी की कोर्ट बिलासपूरला, आणि कुलसचिवांना जातीने हजर राहायचं होतं. ते आले नाहीत की वकील 'साहेब आजारी' म्हणायचा आणि पुढची तारीख पडायची. तेव्हा साहेबांना धडधाकट ठेवण्याचं काम मामांनी अंगावर घेतलं. तारखेच्या आदल्या दिवशी गुढ़ियारीच्या वैद्याचा काढा त्यांच्या घरी पोचायचा. पहाटे पाचला फोन. "साहब, उठ गए? गाड़ी का टाइम हो रहा है." पलीकडून झोपाळू आवाजात "हव मामाजी" आलं की मामा चहाला बसत. मामी तणतणायच्या, "माह्या शुगरची गोळी यांले आठवत नाही, त्या साहेबाचं बीपी मात्र तोंडपाठ!" तणतणत का होईना, डबा मात्र दोघांचा भरून द्यायच्या.

एकदा मीही सोबत गेलो. गाडीत डबा उघडला, आणि मामींच्या ठेच्याने डोळ्यांत पाणी आलेल्या कुलसचिवांनी विचारलं, "मामाजी, सच में जेल भिजवाओगे?" मामा त्यांना पोळी वाढत म्हणाले, "कैसी बात करते हो! आप अंदर गए, तो मेरे ऑर्डर पर साइन कौन करेगा?" पुढे कोर्टात विद्यापीठाच्या वकिलाला स्वतःचंच लेखी उत्तर सापडेना. तो मुदत मागणार, एवढ्यात मागच्या बाकावरून मामांनी त्याची प्रत पुढे सरकवली. आमच्या वकिलाने कपाळावर हात मारला. "मामा, तुम्ही कोणाच्या बाजूचे?"

"अजी, कागद नाही सापडला तं तारीख पडते," मामा कुजबुजले. "तारखा लय आहेत. मीच उरलो नाही ना तेवढा!"

त्या दिवशी न्यायाधीशांनी ते उत्तर वाचलं आणि कुलसचिवांना सांगितलं, पुढच्या वेळी एकतर ऑर्डर आणा, नाहीतर कपड्यांची बॅग. ऑर्डर आठवड्यात निघाली. निवृत्तीला तेव्हा तीन महिने राहिले होते.

कायम झाल्यावर मामांनी पहिलं काम काय केलं, तर एका दिवसाच्या रजेचा अर्ज. रोजंदारीवाल्याला रजा नसते, नुसती गैरहजेरी असते. आईच्या तेराव्यालाही त्यांच्या नावापुढे फुलीच पडली होती. कारणाच्या जागी त्यांनी 'काही नाही' असं लिहिलं, तरी अर्ज मंजूर झाला.

त्या दुपारी मी मुद्दाम घरी गेलो. मामी म्हणाल्या, "सकाळपासून नुसते बसून होते. मंग म्हणे, माह्याबिगर कसं चालून राहिलं ते पाहून येतो. गेले तिकडंच."

मामा ग्रंथालयात वाचकांच्या बाकावर बसले होते, इस्त्रीच्या शर्टात. मला पाहताच उठले, हात धरून टेबलापाशी नेलं आणि हजेरीपट उघडला. त्यांच्या नावापुढे लाल शाईत 'अवकाश', म्हणजे रजा, असं लिहिलं होतं. ते त्यांनी मला दोनदा दाखवलं.