हिवाळ्याआधी घरी

मस्कतच्या रुवी भागातल्या आमच्या खोलीतला एसी आज दुरुस्त झाला आणि एकदम गारठायलाच लागलं, म्हणून बॅगेच्या तळाचा स्वेटर काढला. डांबरगोळ्यांचा वास आला आणि मी थेट वसईच्या घरात जाऊन उभा राहिलो.

मस्कतला निघायचा दिवस होता. काट्याला लटकवलेली बॅग जड भरत होती. मम्मीने दिलेले सुके बोंबील वजनात बसावेत म्हणून मी हाच स्वेटर बाहेर काढला. पप्पा शाळेत इतिहास शिकवायचे. त्यांनी स्वेटर परत आत कोंबला.

"पप्पा, ओमानला कसली थंडी? आणि दोन वर्षांत तर मी परत येतोय."

"जर्मन सैन्यालाही असंच वाटलं होतं. भर उन्हाळ्यात रशियात शिरले. हिवाळ्याआधी जिंकून घरी पोचू, या भरवशावर पुरेसे गरम कपडेच नेले नाहीत. मग बर्फात गोठले बिचारे."

"पोरगा निघालाय आणि तुम्ही काय वर्ग भरवलाय!" मम्मी आतून ओरडली. आम्ही सगळेच हसलो. बोंबील घरीच राहिले.

पुढे पप्पा गेले, मम्मी गेली. दरवर्षी मी फोनवर त्यांना सांगायचो, "या वर्षी खलास, कायमचा येतो." आता तसं सांगायलाही कुणी नाही.

मी स्वेटर अंगात घातला. खोलीत नवीनच राहायला आलेला रत्नागिरीचा सलीम हसला. "चाचा, ओमानात स्वेटर? कधी आणलात?"

"लवकर परत जाणार होतो ना," मी म्हणालो, "तेव्हा."