शशिकलाबाईंचं कुलूप

पनवेलच्या लाइन आळीत 'सई मोबाइल' नावाचं एक दुकान आहे. दुकान आपलं म्हणायचं. दोन गिऱ्हाइकं आत शिरली की तिसऱ्यानं पायरीवर ताटकळायचं. एका कोपऱ्यात दीनानाथराव घड्याळं दुरुस्त करतात, म्हणजे डोळ्याला भिंग लावून बसतात, कारण घड्याळ दुरुस्तीला टाकतो कोण आता? दुसऱ्या कोपऱ्यात त्यांच्या पत्नी शशिकलाबाई मोबाइल उघडून बसलेल्या असतात. घड्याळांचे दिवस सरले तेव्हा दीनानाथराव कपाळाला हात लावून बसले आणि बाईंनी पन्नाशीच्या उंबरठ्यावर मोबाइल दुरुस्तीचा कोर्स लावला. वर्गात सगळी विशीतली पोरं, बाईंना 'आंटी' म्हणणारी. परीक्षेत आंटी पहिल्या आल्या हे दीनानाथराव आजही येईल त्याला ऐकवतात. एरवी ते फारसं बोलत नाहीत.

बाईंचं नाव गावभर झालं ते मात्र कुलपामुळे. त्याचं असं झालं. मोबाइलवर पैसे लावून रमी खेळायचे दिवस होते. एक रिक्षावाला दुकानात आला आणि स्टुलावर बसून राहिला. त्याच्या रमीच्या ॲपमध्ये एक सोय होती, स्वतःलाच बाहेर काढायची. आपणच बटण दाबायचं, की काही महिने ते ॲप आपल्याला आत घेत नाही. त्यानं मन घट्ट करून बटण दाबलं होतं. पण एका दारातून स्वतःला हाकललं तर शेजारची दहा दारं ओवाळायला उभी! दुसऱ्या ॲपनं त्याच दिवशी त्याला स्वागताचा बोनस दिला. "बाई, ॲपला नको, माझ्या फोनलाच कुलूप घाला," तो म्हणाला, "आणि किल्ली तुमच्यापाशी ठेवा."

बाईंनी थोडा विचार केला. लहान मुलांच्या हाती फोन द्यायचा असला की आईबाप त्यात एक कुलूप लावतात. मग नवं ॲप घेता येत नाही की पैसे खर्च करता येत नाहीत. तेच कुलूप त्यांनी या बाप्याला लावलं. कुलूप उघडायचा आकडा स्वतः टाकला आणि कुणालाही सांगितला नाही. बाईंची स्मरणशक्ती अशी की आळीतल्या कोणाच्या बारशाला काय जेवण होतं तेही त्या सांगतील, आकड्यांचं काय घेऊन बसलात!

"हे तर कुणीही तोडेल," दीनानाथराव भिंगामागून म्हणाले. "फोन सगळा पुसून टाकला की संपलं."

"कुलूप सावासाठी असतं हो," बाई म्हणाल्या. "चोरासाठी कधी होतं?"

हां हां म्हणता बातमी पसरली. हळूहळू कळंबोलीचे, खारघरचे, पार उरणकडचे लोक येऊ लागले. कुलपाचा बाई एक पैसा घेत नसत. अट एकच होती. कुलूप लावताना घरचं एक माणूस बरोबर आणायचं, आणि काढायचं झालं तर त्याच माणसानं दुकानात येऊन स्वतःच्या तोंडानं 'काढा' म्हणायचं. या अटीवर बाई खूश होत्या. आपण फार हुशारीचं काम केलंय असं त्यांना वाटे, आणि खरं सांगायचं तर कुणालाही वाटलं असतं.

त्या हुशारीला पहिला तडा इंद्रजीतनं दिला. खारघरला राहणारा, चांगल्या कंपनीत नोकरीला, बोलायला गोड. चार महिन्यांपूर्वी लावलेलं कुलूप काढायला बायकोला घेऊन आला. बायको रुचिरा बँकेत अधिकारी. बाईंनी रीतीप्रमाणे तिला विचारलं, "काढू ना?" रुचिरानं नवऱ्याकडे पाहिलं, किंचित हसली, म्हणाली, "हो, काढा." बाईंनी काढलं. शिकलीसवरलेली, स्वतःच्या पायावर उभी असलेली मुलगी. ती बोलली म्हणजे विचार करूनच बोलली असणार.

पावसाळा संपता संपता रुचिरा एकटी आली. इंद्रजीत पुन्हा रमीत बुडाला होता, तिचा संसार विस्कटला होता, ती माहेरी पुण्याला निघाली होती. तरी रागानं आली नव्हती, हेच बाईंना जास्त लागलं.

"काकू, मी त्या दिवशी नको म्हणायलाच आले होते," ती म्हणाली. "पण तुम्ही मला त्याच्यासमोर विचारलंत."

एवढंच. बाईंना त्या दिवशी जेवण गेलं नाही. आपल्याकडे चारचौघांत नवऱ्याचा शब्द खाली पाडायचा नाही, हे बायकांना कुणी शिकवावं लागत नाही. स्वतः शशिकलाबाईंनी तरी दीनानाथरावांना लोकांसमोर कधी 'नाही' म्हटलं होतं? काय म्हणायचं ते घरी, ओट्यापाशी. आणि जिला घरी ओट्यापाशीही म्हणता येत नाही, तिनं कुठं म्हणावं? आपण बायकांना पुरुषांच्या देखत विचारत राहिलो आणि वर स्वतःची पाठ थोपटून घेतली, या विचारानं त्या फार खजील झाल्या.

पण हातावर हात ठेवून बसणाऱ्या त्या नव्हेत. दुकानाच्या मागं हातभर जागा होती, तिथं त्यांनी पडदा लावला, गॅसची शेगडी आणि दोन पाट ठेवले. आता कुलूप काढायला जोडपं आलं की बाई म्हणत, "बस रे तू, हिला आत चहा पाजते." पडद्याआड आधण ठेवायचं आणि त्याच्या आवाजात विचारायचं, "खरं सांग. काढू का नको?" नको आलं, तर बाहेर येऊन बाईंचं उत्तर ठरलेलं: "सर्व्हर बंद आहे. आज काही निघायचं नाही."

सर्व्हर कसला नि काय कसला! कुलूप फोनमध्ये, आकडा बाईंच्या डोक्यात. पण 'सर्व्हर बंद' म्हटलं की आपला माणूस गप्प बसतो. बँकेत, तलाठ्याकडे, रेशनवर ऐकून ऐकून त्याला सवय झालेली आहे. सर्व्हरवर कुणाला चिडता येत नाही, आणि त्यापायी बायकोवर तर नाहीच नाही.

मग पैशाच्या खेळांवर सरकारनं बंदी आणली. रमीची ॲपं बंद पडली आणि कुलपं काढायला रीघ लागली. त्यात बेलपाड्याचा काशिराम आला, बायको मनस्वीला घेऊन. काशिराम न्हावा शेवाला ट्रेलर चालवतो. गडी उंचापुरा, आवाज असा की पायरीवर बोलला तर आळीच्या टोकाला ऐकू जावा.

"काकी, आता रमीच नाय तर कुलूप कशाला? काढा."

बोलणं बिनतोड होतं. तरी बाईंनी मनस्वीला चहा 'पाजायला' आत नेलं. मनस्वीनं आधी पडदा नीट ओढला.

"काढू नका, काकी," ती हळूच म्हणाली. "रमी गेली, पन आता त्यो पोरीच्या टॅबवर खेलतंय."

पोरीच्या टॅबवर ट्रकचा खेळ होता. दिवसभर खरा ट्रेलर हाकणारा माणूस घरी येऊन खोटा ट्रक हाकायचा. ऐकणाऱ्याला हसूच यावं. पण त्या खेळात बंद पेट्या असतात. आत काय निघेल ते उघडल्याशिवाय कळत नाही. बहुतेक वेळा भंगार, एखादं चाक, एखादा आरसा. हजारात कुणाला तरी सोनेरी ट्रक. पेट्या घ्यायला हिरे लागतात, आणि हिरे विकत मिळतात.

"आमी बोललो तर सांगतंय, पोरांचा खेल हाय. पन काकी, पेटी उघडताना त्याचा तोंड रमी खेलतानावानी होतंय. तसाच. आमी वलखतो ना त्यो तोंड." मनस्वीचे डोळे भरून आले. "आता फोनचा पन कुलूप काढला तर दोन्हीवर चालू होईल. मी बोलले असा सांगू नका."

बाईंनी तिच्या हातात कप दिला, बाहेर आल्या आणि म्हणाल्या, "सर्व्हर बंद आहे रे काशिराम."

"कधी चालू व्हायचा?"

"ते कंपनीच्या हातात. आणि काय रे, पोरीच्या टॅबवर काही खेळतोस का तू?" पोरांच्या खेळात अडकलेले दोघेतिघे आधी भेटले होते, तेव्हापासून हा प्रश्न त्या रांगेतल्या सगळ्यांनाच विचारत होत्या, म्हणून त्याला संशय आला नाही.

"त्यो काय जुगार हाय? त्यात पैसे मिलत नाय."

"मिळत नाहीत. जातात ना?"

गप्प करणाऱ्यावर चिडतात तसा काशिराम चिडला. पुन्हा आला, पुन्हा सर्व्हर बंद. तिसऱ्या खेपेला तो पायरीवर उभा राहून ओरडला, "एक कुलूप काढता येत नाय आन दुकान कशाला मांडलाय? भिंगवाल्याला बसवा त्यापरीस!" आळीतली माणसं थांबून बघू लागली. बेलपाड्याचं गिऱ्हाईक हळूहळू येईनासं झालं. ज्या बाईंनी कोर्समध्ये पोरांना मागं टाकलं, त्यांना काम येत नाही असं बाजारात बोललं जाऊ लागलं. बाईंना ते झोंबलं. कामाचा अभिमान त्यांना कमी नव्हता.

दीनानाथरावांना राहवेना. "खरं सांगून टाक ना त्याला. तुझं नाव का घालवतेस?"

"माझं नाव परत येईल," बाई म्हणाल्या. "खरं सांगितलं तर त्या पोरीला घरी एकटीला भोगावं लागेल. तिथं मी असणार आहे का?"

दीनानाथरावांनी भिंग काढून बायकोकडे पाहिलं. चाळीस वर्षांच्या संसारात हिच्याकडे आपण नीट बघितलंच नाही की काय, असं त्यांना वाटलं. त्यांनी उठून बाईंसाठी चहा टाकून आणला.

आणि एका सकाळी काशिराम दाणदाण पायरी चढून आला. एकटाच.

"काकी, पोर्टच्या बाजूला एक दुकान हाय. त्याला फोन दाखवला. त्यो हसला. बोलला, याला सर्व्हरबिर्व्हर काय नाय, हा साधा आकडा हाय. लावनाऱ्यानं टाकला की निघतंय."

बाईंना स्वतःची भीती नव्हती. हा घरी काय करून आला असेल, तेवढंच त्यांच्या डोक्यात होतं.

"मनस्वी कुठाय?" त्यांनी विचारलं.

"भाईर. गाडीपाशी उभी हाय." काशिराम स्टुलावर बसला. त्याचा आवाज एवढा खाली येऊ शकतो हे बाईंना ठाऊक नव्हतं. "त्यो दुकानवाला बोलला, फोन पुसून देतो, सगला निघल. मी बोललो, थांब. लायनीत ट्रेलर लावून इचार करत बसलो. काकी का खोटा बोलल? तिला काय मिलतंय? मग ध्यानात आला, तुमी दर टायमाला हिला आत नेता." त्यानं दाराबाहेर, गाडीकडे पाहिलं. "ती आत नाय बोलली ना, काकी?"

बाईंना हो म्हणवत नव्हतं आणि आता खोटंही बोलवत नव्हतं.

"मंजे माज्यासमोर तिला नाय बोलाला भ्या वाटतंय," काशिराम म्हणाला. "मी तिच्या अंगाला कधी हात लावला नाय, काकी. तरी वाटतंय. येवढा वंगाल झालो मी?"

त्यानं पिशवीतून पोरीचा टॅब काढून काउंटरवर ठेवला. "याला पन लावा. आन तिला सांगू नका, मला कललाय असा. तिला वाटू दे सर्व्हर बंद हाय. ती तेवढीच सुखानं बसतेय."

शशिकलाबाईंनी टॅब घेतला, कुलूप लावलं, आकडा टाकला. स्क्रीन त्यांना नीट दिसत नव्हती, म्हणून पदरानं दोनदा पुसली. पुसायला हवे होते डोळे, पण ते कोण कबूल करतो.

काशिराम उठला. पायरीवर गेला आणि रस्त्यापलीकडे गाडीपाशी उभ्या असलेल्या बायकोला ऐकू जाईल अशा त्या आळीभर पोचणाऱ्या आवाजात ओरडला, "कसला दुकान हाय! अजून यांचा सर्व्हर चालू होत नाय!"

"जाऊ द्या वो," पलीकडून मनस्वी म्हणाली. तिचा चेहरा एकदम मोकळा झालेला बाईंना आतून दिसला. "व्हईल कवातरी."

आळीतली माणसं पुन्हा थांबली. कुणीतरी कुणाला तरी म्हणालं, या बाईला खरंच काम येत नाही. शशिकलाबाई तितक्याच मोठ्यानं ओरडल्या, "कंपनीला कळवलंय रे बाबा! मी तरी काय करू?"