पाठीची माती

भाऊजी गेल्याचा फोन आला तेव्हा मी पोंभुर्ण्याच्या एसटी स्टँडवर चहा पीत होतो. शेजारच्या ओळखीच्या माणसाला सांगितलं, तर तो हळहळून म्हणाला, "अरेरे! थ्या पिक्चरमंधी पडला होता, थोच ना?" मेल्यावरही हेच! चहा तसाच टाकून उठलो.

श्रावण पैलवान म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचा नवरा. घरी धानाची शेती, पहाटे मेहनत आणि दिवाळीनंतर गावोगाव भरणाऱ्या मंडईच्या जत्रेत कुस्त्यांची दंगल. आमच्या भागात त्यांच्या पाठीला कुणी माती लावली नव्हती. कुस्ती मारली की ते लोकांकडे पाठ करून उभे राहायचे… पाहून घ्या, कोरी आहे. एवढाच काय तो त्यांचा माज.

नव्वदच्या सुमारास जंगलात शूटिंगवाले आले आणि त्यांना गुंडाचं काम मिळालं. हिरो असा काटकुळा, की भाऊजी शिंकले असते तर उडाला असता. त्यानं आपटायचं आणि यांनी चीत व्हायचं. पण अंगाला सवय पैलवानाची… पडता पडता वळून ते दरवेळी पोटावरच यायचे. डायरेक्टर वैतागला, "पैलवान, साधं पडता येत नाही का?" शेवटी पडले एकदाचे. घरी येऊन ताईला म्हणाले, "खोटं खोटं त आहे, का होते?"

काय होते! गावात व्हिडिओवर पिक्चर लागला. पुढच्या मंडईत भाऊजी लंगोट कसून उतरले, तर त्यांच्याशी कुणी जोडच लावेना. "पडलेल्या पैलवानाशी लडून का नाव होते?" पंच म्हणाले. मी भांडलो, "अजी, थे पिक्चर होतं!" तर पंच शांतपणे म्हणतात, "आमी डोयानं पायलं ना, भाऊ." या अडाणीपणावर हसावं की कपाळ बडवावं? पुढं पिक्चर आणखी मिळाले, सगळ्यांत पडायचंच काम. मंडईवाले हार घालायचे आणि म्हणायचे, थे पडाचं करून दाखवा. भाऊजींना फक्त एक खरी कुस्ती हवी होती. तिची वाट पाहण्यातच गुडघे गेले.

तेव्हापासून एक खोड लागली. कुठूनही आले की दाराजवळच्या खुंटीवरचा दुपट्टा घेऊन आधी पाठ झाडायचे. "काई नाई लागलं जी," ताई म्हणायची. तरी झाडायचे.

मी पोचलो तेव्हा त्यांना अंगणात भुईवर निजवलं होतं. तिरडीवर घेताना ताई म्हणाली, "थांबा." त्यांना कुशीवर करायला लावलं, खुंटीवरचा दुपट्टा आणला आणि पाठीला लागलेली माती स्वच्छ झाडली. खांदा द्यायला तेच पंच उभे होते. त्यांच्याकडे बघून म्हणाली, "पाहून घ्या." पंचांनी मान खाली घातली. मला मात्र त्यांचा राग आवरेना, अजूनही आवरत नाही.

परवा तो दुपट्टा मी धुवायला काढला, तर ताईनं हातातून ओढून घेतला. "राहू दे," म्हणाली, "थे माती तेवढी खरी आहे."