आत्याचे ओले पाय

आधीच सांगते — भुताखेतांच्या गोष्टी निघाल्या की नाक मुरडणारी बाई आहे मी. आयुष्यभर शाळेत गणित शिकवलं. तरी हे लिहितेय, कारण आता नाही सांगितलं तर राहूनच जाईल.

संस्थानं विलीन होत होती, तेव्हाची गोष्ट. आमचे वडील बुऱ्हाणपुरात शाळामास्तर. रोजचा पेपर मोठ्यानं वाचायचे. सगळी संस्थानं देशात आली, पण वडिलांची थोरली बहीण काही घरात आली नाही. आत्याला कुष्ठरोग झाला होता. दापोऱ्याच्या रस्त्याला मिशनची वस्ती होती, तिथे ती राहायची. पाय पार बधिर... निखारा पडला तरी कळायचं नाही.

वस्ती चालवणारे बिशप सातासमुद्रापलीकडचे, सत्तरीचे. गुड फ्रायडेच्या आदल्या गुरुवारी दुपारी, येशूनं बारा शिष्यांचे धुतले तसे, ते गुडघे टेकून बारा रोग्यांचे पाय कोमट पाण्यानं धुवायचे. धर्म विचारायचे नाहीत. आत्याचेही धुवायचे. आजारानंतर आमच्या घरातलं कोणी तिच्या पाया पडलं नव्हतं. आम्ही लांबूनच हात जोडायचो.

“मास्तर, रोग थांबला आहे. बहिणीला घरी न्या,” बिशप दर वेळी वडिलांना सांगायचे.

“लेकीचं लगीन होऊन जाऊ द्या पहिले, साहेब.”

ती लेक मी.

मग बिशप आजारी होऊन मायदेशी गेले. ना पत्र, ना निरोप. पुढच्या वर्षी, नेमक्या त्याच गुरुवारी, वडिलांनी मला आत्याकडे पाठवलं. स्वतः फाटकाशीच थांबले. सांगायचं एवढंच — लग्न ठरलंय, तू येऊ नकोस. आणि नंतरही नको, सासरचे काय म्हणतील.

आत्या ओट्यावर पाय सोडून बसली होती. पाणी भरणारी बाई अजून आली नव्हती, माठ उपडा पडलेला. मी निरोप सांगितला. ती फाटकाकडे बघत राहिली. मग एकदम दचकली.

“सुमे... ऊन पाणी लागून राहिलं पायाले!”

मी पाहिलं. दोन्ही पाय घोट्यापर्यंत ओले. थेंब गळत होते, खालची कोरडी माती भिजत होती. आसपास कोणी नव्हतं.

“हात लावून बघ व माय, ऊनच आहे ना? का मलेच भास होऊन राहिला?” ती रडत होती, आणि हसतही होती.

मी लांबूनच हात जोडले आणि फाटकाकडे पळाले.

लग्न झालं. आत्या वस्तीतच वारली. बिशपांचं तिकडे काय झालं, तेही कधी कळलं नाही. त्या दुपारची अजून लाज वाटते. तुम्ही विचाराल, पाणी खरंच ऊन होतं का?... मला नाही माहीत. मी हात लावला नाही.