पोलंडच्या आजीच्या जागी

लंडनला, हाउन्सलोत मुलाकडे राहायला गेले, तेव्हा शेजारच्या घरात एक पोलिश मुलगी भाड्यानं राहायची. दिवसा विमानतळाजवळच्या गोदामात खोकी भरायची आणि सुट्टीला मागच्या शेडमध्ये चित्रं करायची. चित्रं म्हणजे काय, तर फळीवर मेण ओतायचं आणि त्यात जुनं कापड, बटणं, बटाट्याचं पोतं, हाताला येईल ते चिकटवायचं. आमचे हे म्हणायचे, "कचऱ्याची गाडी चुकलेली दिसते तिची."

एकदा तिनं कुंपणावरून विचारलं, माझी आजी व्हाल का? तिची आजी गेलेली, फोटो एकही उरला नव्हता आणि हिला तर चेहराच आठवेना. ईस्टरला आई पोलंडहून येणार होती. आईनं चित्रातली आजी ओळखावी, एवढंच पोरीला हवं होतं. मी म्हटलं, अगं, मी साताऱ्याची, नाकात चमकी. ती म्हणाली, चालेल.

मग काय, बसले. आजी केस कसे बांधत असेल म्हणाली, की मी आपला अंबाडा घालून दाखवायची. कापडं तिला धड शिवता येईनात, तर गोधडीचा धावदोरा मीच घालून दिला. होता होता पोलंडची आजी डोक्यावर पदर घेऊन तयार झाली. चमकीच्या जागी कोटाचं बटण.

आई आली. माझ्याहून काही फार लहान नव्हती बाई. चित्र जवळून पाहिलं, लांबून पाहिलं, मग लेकीला हळूच काहीतरी म्हणाली. लेकीनं मला इंग्रजीत सांगितलं, ही कोण म्हणून विचारतेय. पोरीचं तोंड एवढंसं झालं, मला बघवेना.

आई तशीच शेडबाहेर निघाली, कोट उघडा. वारा हा असा. माझ्या तोंडून आपलं मराठीतच गेलं, "आधी बटणं लाव. छातीत कफ झाला की मग रडशील."

बाई थांबली. गुपचूप एकेक बटण लावलं, अगदी गळ्यापर्यंत. आणि मग माझ्याकडे बघून जी रडायला लागली! लेकीला काय म्हणाली ते लेकीनं मला सांगितलं, "हीच. अशीच बोलायची."

झालं. पोरीनं चित्रातला चेहरा कापून काढला, मागे खुर्ची ठेवली आणि क्रॉयडनच्या हॉलमधल्या प्रदर्शनात मला चौकटीत बसवलं. खाली पाटी: लाकूड, मेण, कापड, शेजारची आजी. ह्यांनी ती चष्मा लावून वाचली आणि म्हणाले, "मेणाच्याही नंतर नंबर लागला तुझा."

बघायला येणाऱ्याचा कोट उघडा दिसला की मी सांगायची. चांगले टाय लावलेले साहेबसुद्धा निमूट बटणं लावून पुढे जायचे.

शेवटी आई निरोपाला आली, संध्याकाळचं विमान होतं तिचं. कोट सताड उघडा टाकून माझ्यासमोर उभी राहिली आणि बघतेय कुठे, तर छताकडे. मीही लगेच बोलले नाही. जरा उभं राहू दिलं तिला.